सुरवंटाच्या पट्ट्यावरून हिवाळा ओळखता येतो का?

अमेरिकेच्या ईशान्य आणि मध्य-पश्चिम भागांत सप्टेंबर संपत आला की फुटपाथवर, डांबरी रस्त्यावर, अंगणातल्या पाचोळ्यात एक केसाळ सुरवंट लगबगीने कुठेतरी निघालेला दिसतो. दोन्ही टोकं काळीभोर आणि मध्ये विटकरी रंगाचा पट्टा. लोक त्याला 'वूली बेअर' म्हणतात, दक्षिणेकडच्या डोंगराळ भागात 'वूली वर्म'. त्याच्याबद्दलचा ठोकताळा तिथे लहानथोर सगळ्यांना ठाऊक असतो: मधला पट्टा रुंद असला तर हिवाळा सौम्य, पट्टा अरुंद आणि काळं जास्त असलं तर हाडं गोठवणारी थंडी.

ओहायोत किंवा न्यू जर्सीत राहणाऱ्या मराठी घरांतली मुलं शाळेतून हे ऐकून येतात आणि व्हिडिओ कॉलवर आजीला सुरवंट दाखवत "यंदा स्नो कमी" असं जाहीर करून टाकतात. आजीचं लक्ष हवामानाकडे नसतं. "आधी हात धू," ती म्हणते, कारण आपल्याकडे सुरवंट म्हटलं की पहिली आठवते ती खाज. या सुरवंटाच्या बाबतीत मात्र आजीने काळजी करायचं फारसं कारण नाही. त्याचे केस ब्रशसारखे राठ असतात, पण त्यांत विष नसतं. त्वचा फारच नाजूक असेल तर थोडं चुरचुरतं. हात लावला की तो अंगाचं मुटकुळं करून मेल्यासारखा पडून राहतो, आणि आपण कंटाळून बाजूला झालो की पुन्हा चालू लागतो.

आता मूळ प्रश्न. पट्ट्यात काही माहिती असते का? असते. पण ती येणाऱ्या ऋतूची नसते, सरलेल्या ऋतूची असते. हे कसं, ते समजायला आधी या प्राण्याचं वर्ष कसं जातं ते पाहावं लागेल.

हा सुरवंट म्हणजे 'इझाबेला टायगर मॉथ' नावाच्या पतंगाची अळी. शास्त्रीय नाव पायरार्क्टिया इझाबेला. आपल्याकडे सोयाबीन आणि सूर्यफुलाचा फडशा पाडणारी केसाळ अळी याच उपकुळातली, म्हणजे तिची चुलत बहीणच म्हणायची. नशीब तेवढं वेगळं: आपल्या केसाळ अळीच्या नावाने शेतकरी बोटं मोडतो, आणि तिकडे हिच्या नावाने जत्रा भरते. जत्रेकडे येतोच.

या पतंगाच्या वर्षाला साधारण दोन पिढ्या होतात. दुसऱ्या पिढीच्या अळ्या उन्हाळ्याच्या अखेरीस अंड्यातून बाहेर येतात आणि थंडी पडेपर्यंत समोर येईल तो पाला खात सुटतात. हिवाळा त्या अळीच्याच रूपात काढतात. कोश वसंतात करतात. म्हणून शरद ऋतूत त्या रस्त्यांवर दिसतात. एखादा ओंडका, दगडाखालची फट, झाडाची सुटलेली साल, पानांचा जाड थर, असा आडोसा शोधत त्यांची पायपीट चाललेली असते. (सुरवंट दक्षिणेकडे चालला असेल तर थंडी कडक आणि उत्तरेकडे चालला असेल तर सौम्य, असाही एक ठोकताळा आहे. जो प्राणी दर दोन मिनिटांनी गवताच्या काडीला अडखळून दिशा बदलतो, त्याच्याकडून होकायंत्राचं काम करून घ्यायचं म्हणजे जरा जास्तच झालं.)

वाढताना अळी साधारण सहा वेळा कात टाकते. प्रत्येक वेळी जुनी केसाळ कातडी गळते, खालून नवी येते, आणि नव्या कातडीवर काळा भाग थोडा कमी, विटकरी भाग थोडा जास्त असतो. म्हणजे पट्टा रुंदावतो तो वयाबरोबर. अळी जितकी मोठी, तितका पट्टा रुंद. याखेरीज ओलाव्याचाही परिणाम होतो: दमट हवेत वाढलेल्या अळ्यांत काळा भाग जास्त दिसतो. आणि एवढं सगळं सारखं ठेवलं तरी, एकाच मादीने एका वेळी घातलेल्या अंड्यांतून निघालेल्या, एकाच डब्यात एकाच पाल्यावर वाढवलेल्या अळ्यांचे पट्टेही एकमेकांसारखे नसतात. भावंडांतच एकमत नाही.

यातून रुंद पट्ट्याचा सरळ अर्थ असा निघतो की या अळीची वाढ लवकर सुरू झाली, किंवा तिला खायला बरे दिवस जास्त मिळाले. अरुंद पट्टा म्हणजे ती उशिरा जन्मली, किंवा ओलीत वाढली, किंवा मुळातच तशी आहे. वसंत लवकर आला की उशिरा, उन्हाळा कोरडा गेला की ओला, याची पुसटशी नोंद त्या केसांत उमटलेली असू शकते. पुढच्या जानेवारीत काय होणार, हे तिच्या अंगावर कोणत्या वाटेने उमटणार? तशी वाटच नाही.

तरीही ही समजूत एवढी पसरली कशी? ती जुनी आहेच, पण तिला देशभर प्रसिद्धी मिळवून दिली ती एका शास्त्रज्ञाने. न्यूयॉर्कच्या 'अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरी'त कीटकविभाग सांभाळणारे डॉ. चार्ल्स हॉवर्ड करन १९४८ च्या शरदात पत्नीला घेऊन शहराच्या उत्तरेला सुमारे ६५ किलोमीटरवरच्या बेअर माउंटन उद्यानात गेले. हडसन नदीकाठचा हा डोंगराळ भाग. त्या दिवसांत झाडांची पानं लाल-पिवळी होतात आणि शहरातले लोक ती बघायला गर्दी करतात. करन यांनी दिवसभरात सापडतील तेवढे सुरवंट गोळा केले, प्रत्येकाचे विटकरी खंड मोजले आणि सरासरी काढली. सुरवंटाच्या शरीराचे १३ खंड धरतात. त्यांतले एक तृतीयांशाहून जास्त, म्हणजे पाच किंवा अधिक, विटकरी असतील तर हिवाळा सौम्य, असा हिशोब. सरासरी पाचाच्या वर आली. 'न्यूयॉर्क हेरल्ड ट्रिब्यून'मध्ये त्यांचा एक बातमीदार मित्र होता. त्याने बातमी छापली आणि सुरवंट एका रात्रीत वेधशाळा झाला. वेळही जुळून आली असावी. आदल्याच डिसेंबरात, नाताळच्या दुसऱ्या दिवशी, न्यूयॉर्कवर दोन फुटांहून जास्त बर्फ कोसळलं होतं. त्यातून निघालेल्या शहराला "यंदा सौम्य" हे शब्द नक्कीच गोड वाटले असतील.

करन यांनी हा उद्योग पुढे आठ वर्षं चालवला. दर शरदात ते, पत्नी आणि मित्रमंडळी बेअर माउंटनला जमायची. गटाला त्यांनी 'केसाळ सुरवंटाच्या मित्रांची सोसायटी' अशा थाटाचं नावही दिलं होतं. या काळातली त्यांची सरासरी १३ पैकी ५.३ ते ५.६ खंड अशी भरली, आणि ते हिवाळे सरासरीपेक्षा सौम्य गेले. मग समजूत खरी ठरली का?

इथे जरा थांबायला हवं, कारण सगळी गंमत या दोन आकड्यांत आहे. ५.३ ते ५.६. इतक्या वर्षांत सुरवंटांची सरासरी हलली ती जेमतेम ०.३ खंडाने. म्हणजे सुरवंटांनी दरवर्षी एकच उत्तर दिलं: सौम्य, सौम्य, सौम्य. वजनकाट्यावर कुणीही उभं राहिलं तरी काटा साठावरच थांबत असेल, तर साठ किलोचा माणूस आल्यावर काट्याचं कौतुक करण्यात अर्थ नसतो. भाकीत करणारी गोष्ट आधी बदलती असावी लागते. कडक हिवाळ्याआधी तिने वेगळं काही दाखवलं तरच तिला काही कळतं असं म्हणता येईल. करन यांच्या नोंदींत "कडक" असं उत्तर देणारं एकही वर्ष नाही. त्यामुळे अरुंद पट्ट्यानंतर थंडी वाढते का, या अर्ध्या दाव्याची परीक्षा झालीच नाही.

नमुन्याचीही अडचण आहे. एका दिवसात हाताला लागलेले सुरवंट म्हणजे मूठभर. एकाच बागेत एकाच दुपारी तीन विटकरी खंडांचा सुरवंट सापडतो आणि सात खंडांचाही. जिथे एका सुरवंटापासून दुसऱ्यापर्यंतचा फरक एवढा मोठा, तिथे वर्षावर्षांतला दशांशातला फरक म्हणजे निव्वळ हाताला काय लागलं याचा खेळ. करन यांना हे कळत नव्हतं असं मुळीच नाही. ते कसलेले कीटकतज्ज्ञ होते, आपला नमुना लहान आहे हे जाणून होते, आणि हा सगळा खटाटोप म्हणजे शहराबाहेर पडून मित्रांबरोबर एक दिवस मजेत घालवायचं निमित्त होतं. बातमी छापली गेली तेव्हा निमित्त मागे पडलं आणि आकडे तेवढे पुढे गेले. असं पुष्कळदा होतं.

आणखी एक प्रश्न कुणी विचारत नाही: हिवाळा कुठला? करन यांचा पहिलाच अंदाज घ्या. १९४८-४९ चा हिवाळा न्यूयॉर्कच्या बाजूला ऊबदार गेला. त्याच हिवाळ्यात, जानेवारी १९४९ च्या पहिल्या आठवड्यात, नेब्रास्का, वायोमिंग, साउथ डकोटा या मैदानी राज्यांत भयंकर हिमवादळ झालं. रेल्वेगाड्या रुळांवर अडकल्या, रस्ते आठवडेच्या आठवडे बंद राहिले, बर्फात अडकलेल्या गुरांना विमानांतून चाऱ्याचे गठ्ठे टाकावे लागले. इझाबेलाचा सुरवंट अमेरिकेच्या बहुतेक भागात आढळतो. मग बेअर माउंटनचा सुरवंट कुणासाठी बोलत होता? "हिवाळा सौम्य" या वाक्यात गाव नाही, तारीख नाही, किती अंश ते नाही. आणि सौम्य म्हणजे तापमान जास्त की बर्फ कमी? तापमान शून्याच्या जरा खाली राहिलं आणि हवेत बाष्प भरपूर असलं तर थंडी माफक, पण बर्फ ढीगभर, असंही होतं. एवढी मोकळी जागा ठेवली की काहीही झालं तरी भाकीत कुठे ना कुठे खरं ठरतं. चुकलेली वर्षं माणूस विसरतो, जुळलेलं वर्ष शेजाऱ्याला सांगतो.

शिवाय सुरवंट ओळखण्यातही घोळ. उत्तर अमेरिकेत टायगर मॉथच्या शेकड्यांनी जाती आहेत आणि अनेकींच्या अळ्या केसाळ. 'जायंट लेपर्ड मॉथ'ची अळी जवळपास पूर्ण काळी असते. ती अंग मुडपते तेव्हा खंडांच्या मधल्या लाल रेघा दिसतात. ती पाहून कुणी "आता बर्फात गाडले जाणार" म्हणून घाबरला तर चूक हवामानाची नाही. दुसऱ्या एका जातीची अळी फिकट पिवळी, तिच्यावर पट्टाच नसतो. तिचा अर्थ काय लावायचा, हे ठोकताळ्यात सांगितलेलं नाही.

आता जत्रा. ओहायोत ईरी सरोवराच्या काठी व्हर्मिलियन नावाचं गाव आहे. क्लीव्हलंडच्या टीव्हीवर अनेक दशकं हवामान सांगणारे डिक गॉडर्ड यांनी १९७३ मध्ये बर्मिंगहॅम नावाच्या छोट्या गावात 'वूलीबेअर फेस्टिव्हल' सुरू केला. गर्दी वाढली तसा १९८१ मध्ये तो व्हर्मिलियनला आला. मिरवणूक, सुरवंटाचा वेष केलेली मुलं, सुरवंटांच्या शर्यती, सगळं असतं. गॉडर्ड २०२० मध्ये वारले, पण जत्रा त्यांच्या नावाशी जोडली गेली ती गेलीच. धंदेवाईक हवामानतज्ज्ञाने सुरवंटाची जत्रा भरवावी, यात मला विसंगती दिसत नाही. रात्री नकाशे बघून अंदाज सांगणाऱ्या माणसाला दिवसा थोडी थट्टा करायला काय हरकत आहे?

नॉर्थ कॅरोलायनातल्या बॅनर एल्क गावची तऱ्हा आणखी वेगळी. १९७८ पासून तिथे ऑक्टोबरात 'वूली वर्म फेस्टिव्हल' भरतो. उभ्या टांगलेल्या दोऱ्यांवर सुरवंट सोडतात. मालक खालून फुंकर मारतो, टाळ्या वाजवतो, ओरडतो. दोरीला मात्र हात लावायचा नाही. फेऱ्यांमागून फेऱ्या होतात आणि शेवटी जिंकणाऱ्याला १,००० डॉलर मिळतात (मालकाला, अर्थातच). त्या विजेत्या सुरवंटाचे १३ खंड म्हणजे हिवाळ्याचे १३ आठवडे धरून डोक्यापासून शेपटीपर्यंत एकेक वाचतात: काळा खंड म्हणजे त्या आठवड्यात बर्फ आणि कडाका, फिकट म्हणजे हवा बरी. २१ डिसेंबर ते २० मार्चपर्यंत दिवस मोजले तर ते ९० च्या आसपास भरतात, म्हणजे १३ आठवडे बरोबर बसतात. पण याच सुरवंटाची डोक्याकडची आणि शेपटीकडची टोकं जवळजवळ नेहमीच काळी असतात. म्हणजे सुरुवातीला थंडी, मध्ये उतार, शेवटी पुन्हा थंडी, हा अंदाज दरवर्षी ठरलेला. आणि शर्यतीने विजेता निवडणं यात एक प्रामाणिक कबुलीच आहे: सुरवंट एकमेकांशी जुळत नाहीत, तेव्हा कुणाचं ऐकायचं ते कसं तरी ठरवायला तर हवं.

हे वाचून कुणी आपल्या कावळ्याच्या घरट्याची आठवण काढेल. घरटं झाडाच्या मध्यावर भक्कम बेचक्यात असेल तर पाऊस चांगला, शेंड्याला असेल तर कमी, हे आपण ऐकतच मोठे झालो. पण मला सुरवंटाच्या जास्त जवळचा वाटतो तो मृगाचा किडा. मखमली लाल अंगाचा हा जीव पहिल्या सरींनी माती भिजली की वर येतो आणि शेतकरी म्हणतो, मृग लागला. तो पाऊस आणत नाही, सांगतही नाही; झालेल्या पावसाची पोच देतो. सुरवंटाचा पट्टा ही तशीच पोच आहे, फक्त अधिक अस्पष्ट अक्षरातली.

मग ऋतूचा अंदाज करता येतच नाही का? येतो, पण त्याची वाट वेगळी. अमुक तारखेला पाऊस पडेल का, हे सांगण्याची मर्यादा सुमारे दोन आठवडे. हवेतला बारीकसा फरक त्यापुढे इतका फुगतो की हिशोब कोलमडतो. समुद्र मात्र सावकाश बदलतो. प्रशांत महासागराच्या विषुववृत्तीय पट्ट्यातलं पाणी महिनोन् महिने नेहमीपेक्षा गरम राहिलं तर एल निनो, थंड राहिलं तर ला निना. त्यामुळे वरच्या वाऱ्यांचे मार्ग सरकतात आणि ला निनाच्या हिवाळ्यात अमेरिकेचा उत्तर भाग अधिक थंड, दक्षिण भाग अधिक ऊबदार आणि कोरडा राहण्याकडे कल असतो. अमेरिकेचं 'क्लायमेट प्रेडिक्शन सेंटर' ऑक्टोबरात हिवाळ्याचा अंदाज देतं तो याच्या आधारावर. आपल्याकडे भारतीय हवामान खात्याचे पहिले प्रमुख हेन्री ब्लॅनफर्ड यांनी १८८६ मध्ये हिमालयातल्या बर्फावरून मान्सूनचा अंदाज दिला, तेव्हाही कारणांची साखळी होती: बर्फ जास्त, तर जमीन तापायला उशीर, तर मान्सून दुबळा. साखळीचा एखादा दुवा कच्चा निघू शकतो, पण तो तपासता तरी येतो.

हे अंदाज वाचायची रीत मात्र अंगवळणी पडायला हवी. ते शक्यतेत बोलतात. थंड, सरासरीइतका, ऊबदार, असे तीन खण असतात आणि काहीच माहिती नसेल तर प्रत्येकाला सुमारे ३३ टक्के. एखाद्या भागावर "ऊबदार ५० टक्के" लिहिलं असेल तर हवामानशास्त्राच्या दृष्टीने तो बऱ्यापैकी ठाम अंदाज झाला, तरी उरलेली निम्मी शक्यता बाकी खणांतच आहे. सुरवंट असं कचरत बोलत नाही. लोकांना तो आवडतो याचं हेही एक कारण असणार.

ज्यांच्या अंगणात हे सुरवंट येतात, त्यांनी मुलांबरोबर खरी परीक्षा घ्यायला हरकत नाही. एकच जागा, दर वर्षी ऑक्टोबरचा तोच आठवडा, निदान पन्नासेक सुरवंट, विटकरी खंड मोजणारं माणूसही शक्यतो तेच. सरासरी आणि अंदाज कागदावर लिहून तारीख टाकायची, ती हिवाळा सुरू होण्याआधी. मग डिसेंबर ते फेब्रुवारीचं जवळच्या हवामानकेंद्राचं सरासरी तापमान घ्यायचं. आणि शेजारी दुसरा एक रकाना ठेवायचा: सुरवंटाकडे न बघता दरवर्षी डोळे मिटून "सौम्य" म्हणणाऱ्याचा. अमेरिकेच्या ईशान्य भागात हिवाळे इतर ऋतूंपेक्षा वेगाने तापत चालले आहेत, त्यामुळे हा डोळे मिटलेला भविष्यवेत्ता बऱ्याचदा जिंकेल. सुरवंटाने त्याला मागे टाकलं तरच बातमी.

मोजून झालं की सुरवंट होता तिथेच सोडावा. त्याला थंडीपासून वाचवायची गरज नसते. तो ग्लिसरॉलसारखी द्रव्यं अंगात साठवतो. पेशींच्या बाहेरचं पाणी गोठतं, आतलं बचावतं, हृदय थांबतं, आणि वसंतात ऊब आली की सगळं पुन्हा सुरू होतं. हिवाळा सौम्य की कडक, तयारी एकच. कुणाला बरणीत ठेवायचाच असेल तर तळाशी वाळकी पानं घालून, झाकणाला भोकं पाडून बरणी घराबाहेर, उन्हापासून दूर ठेवावी. उबदार घरात आणला तर तो वेळेआधी जागा होतो, आणि बाहेर बर्फ असताना त्याला खायला ओला पाला मिळत नाही.